यंदा कावळे लई झालेत

आज्जीची एक कहाणी मला अजून धड सांगता येत नाही. वर्गात सांगायला गेले आणि अडकले. म्हणून आज लिहून बघतेय.

आमचं गाव येरमाळ्याहून बार्शीकडं जाताना लागतं, रस्ता सोडून जरा आत. ओढा ओलांडला की थोड्या अंतरावर सोलापूर जिल्हा सुरू होतो. आज बसमधून जाताना तो फरक फक्त डांबराच्या रंगावरून कळतो. आज्जीच्या बोलण्यात मात्र ती हद्द शेवटपर्यंत होती. अल्याड मोगलाई, पल्याड इंग्रजी. मोगलाई म्हणजे निझामाचा मुलूख. "तुझी मावसआज्जी इंग्रजीत दिली होती," असं ती म्हणायची आणि लहानपणी मला वाटायचं, मावसआज्जीला इंग्रजी येतं.

श्रावणातल्या शुक्रवारी घरात जिवतीचा कागद भिंतीला लागायचा. आघाड्याची माळ, दूर्वा, पुरणाचे दिवे. घरच्या आणि शेजारच्या बायका-पोरी मुठीत तांदळाचे दाणे धरून बसायच्या आणि आज्जी कहाणी सांगायची. पुरुष ओट्यावर. कहाणी ही बायकांची, त्यात काय ऐकायचं, म्हणून तात्या, म्हणजे माझे आजोबा, पान जुळवत बाहेरच बसलेले असायचे. आज्जी आधी नेहमीची कहाणी सांगायची आणि मग एक दुसरी, मणेरणीची, म्हणजे बांगड्या भरणाऱ्या बाईची. ती अशी:

आटपाट नगर होतं. तिथं एक मणेरीण होती. तिला दोन लेकी होत्या. नगराला अवकळा आली. मणेरणीचा धनी गेला तो आलाच नाही. मणेरीण लेकींना घेऊन एका घरच्या सुनेपाशी आली. बाई बाई, माझ्या लेकींना ठाव दे. सुनेनं विचार केला. ठाव द्यावा तर घरचे कोपतील, न द्यावा तर जिवती कोपेल. तिनं बळद उघडलं, लेकींना आत ठेवलं. रोज पितरांचा घास घेऊन वर जाई, लेकींना घाली. लेकी जगल्या, पितर तृप्त झाले. जशा मणेरणीच्या लेकी सुखरूप राहिल्या, तशा तुमच्या-आमच्या राहोत. ही साठा उत्तरांची कहाणी पाचा उत्तरी सुफळ संपूर्ण.

आम्ही दाणे जिवतीवर टाकायचो आणि फुटाण्यांवर झडप घालायचो.

२००२ साली माझं लग्न झालं, अंबाजोगाईला. पहिल्या श्रावणात सासूबाई म्हणाल्या, "तुमच्याकडची कहाणी सांग बरं." मी मोठ्या तोऱ्यात मणेरणीची कहाणी सांगितली. सगळं ऐकून घेतल्यावर त्यांनी देव्हाऱ्याखालचं कहाण्यांचं पुस्तक काढलं, पानं उलटली, चष्मा वर केला आणि म्हणाल्या, "ही कुठली गं? ही यात नाही." मला वाटलं त्यांचं पुस्तक अपुरं आहे. पुढं दोन-तीन पुस्तकं मी स्वतः पाहिली. राजा आहे, म्हातारी आहे, ब्राह्मण आहे, कोळीण आहे. मणेरीण कुठंच नाही.

दिवाळीला माहेरी गेले तेव्हा आज्जी वाती वळत बसली होती. विचारलं, ही कहाणी तुला कुणी सांगितली? ती म्हणाली, "कुणी सांगंल? माझीच हाय."

आमच्या घरात 'रझाकाराचा काळ' हा विषय वर्षातून एकदा निघायचा, १७ सप्टेंबरला. तात्या सीमेवरच्या कॅम्पात होते. हैदराबाद संस्थानाच्या हद्दीला लागून, बाहेरच्या बाजूला, स्टेट काँग्रेसच्या लोकांनी कॅम्प उघडले होते. तिथून आत शिरायचं, नाकी जाळायची, परत यायचं. स्टेट काँग्रेसचे पुढारी स्वामी रामानंद तीर्थ तुरुंगात, आणि इकडं लातूरला वकिली करणाऱ्या कासिम रझवीच्या रझाकारांनी, म्हणजे निझामाच्या बाजूच्या हत्यारबंद टोळ्यांनी, गावं लुटायला घेतलेली. तात्या हे सांगायचे तेव्हा अंगावर काटा यायचा, अजूनही येतो. यातलं काही खोटं नाही. रझाकार आले की गाव रिकामं व्हायचं, बायका रात्री कडब्याच्या गंजीत बसून काढायच्या, हे आज्जीनंही सांगितलं आहे. फरक इतकाच, की तात्यांच्या गोष्टीत रझाकार 'अचानक' यायचे. आज्जीच्या गोष्टीत बायकांना ते आधी कळलेलं असायचं.

कसं कळायचं? मणेरणीकडून. गावात बांगड्या भरणारी एकच बाई, आणि तिला सगळ्या घरांत थेट चुलीपर्यंत वाट. तिचे नातेवाईक आजूबाजूच्या गावांत, त्यातले काही रझाकारांत. तिच्या कानावर बातमी आधी यायची. मग ती टोपली डोक्यावर घेऊन गावात फिरायची, हात धरायची, बांगडी चढवता चढवता हळूच म्हणायची, "आज रातच्याला काकणं वाजू देऊ नका." बस, एवढंच. संध्याकाळी बायका काकणांना चिंध्या गुंडाळायच्या. सवाष्णीनं काकणं उतरवायची नाहीत, मग चिंधी. आणि गंजीत जाऊन बसायच्या. आज्जी तेव्हा सोळा वर्षांची, लग्नाला दीड वर्ष झालेलं. ती म्हणाली, "अंधारात चाळीस बाया बसलेल्या आन् आवाज कशाचाच न्हाई. नुसता कडबा वाजायचा, उंदरानं वाजावा तसा."

मी कित्येक वर्षं शाळेत १७ सप्टेंबरची भाषणं ऐकतेय, आधी विद्यार्थिनी म्हणून आणि मग बाई म्हणून. चिंधीचं नाव कुठल्याच भाषणात आलेलं नाही. हल्ली तर पोरं मोबाईलवरून उतरवून आणतात. एका वर्षी तिघांनी एकच भाषण केलं, तिसरा आला तेव्हा दुसरीतली पोरं त्याच्याबरोबर म्हणू लागली.

मग पोलीस ॲक्शन झाली. सरकारी नाव ऑपरेशन पोलो; १३ सप्टेंबर १९४८ च्या पहाटे सोलापूरकडून भारताची फौज निघाली, नळदुर्ग त्याच दिवशी हाती आलं, आणि १७ तारखेला निझामानं शरणागती दिली. पाच दिवसांचा खेळ. आज्जीला तारखा येत नव्हत्या. ती म्हणायची, "लक्ष्म्या उठल्या आन् इमानं आली. अनंताच्या दिवशी सुटलो. पितर लागले आन् मग दुसरंच सुरू झालं." मी मास्तरीण, मला पडताळून बघायची खोड. पुढं एकदा जुनं पंचांग मिळवून बघितलं. १७ सप्टेंबर १९४८, शुक्रवार, भाद्रपद शुद्ध चतुर्दशी. अनंत चतुर्दशीच. एक तिथी चुकली नव्हती तिची. शुक्रवारही चुकला नव्हता, आणि ती ही कहाणी शुक्रवारीच का सांगायची ते मला पंचांग हातात धरून उभी असताना कळलं.

'दुसरंच सुरू झालं' म्हणजे काय, हे तिला विचारताना मला बराच वेळ लागला, आणि तिला सांगताना त्याहून जास्त. रझाकार पळाले, फौज पुढं गेली, आणि गावोगावी हिशेब चुकते करायला माणसं निघाली. ज्यांनी लुटलं होतं ते बहुतेक केव्हाच निसटले होते. सापडले ते गावचे मुसलमान: तांबोळी, आतार, पिंजारी, मणेर. मणेर संध्याकाळी बाहेर गेला, आलाच नाही. दोन दिवसांनी मणेरीण मागच्या दारानं आली. दोन पोरी, एक दहाची, एक बाराची. ती स्वतः थांबली नाही. रात्रीतून चालत बार्शीला भावाकडं जाते म्हणाली, गाडी घेऊन येते, तोवर ठेव.

आमचा जुना वाडा मी पाहिलेला आहे, नंतर तो पाडला. माळवदाचं, म्हणजे सपाट मातीच्या छताचं घर, पांढऱ्या मातीचं. भिंतीच्या जाडीत बळद होतं. ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी सांगते: बळद म्हणजे धान्याची आंधळी खोली. तिला दार नसतं. माळवदावर तोंड असतं, तिथून ज्वारी ओतायची. खाली हात जाईल एवढं भोक असतं, तिथून काढायची. भादव्यात ते रिकामंच असतं, जुनी ज्वारी संपत आलेली आणि नवी अजून शेतात. आज्जीनं कासऱ्यानं पोरींना वरून आत सोडलं. खालच्या भोकातून हवा, वरून भाकरी आणि तांब्या.

आता रोज माळवदावर चढायला काहीतरी निमित्त पाहिजे. पितरांचा पंधरवडा, तेव्हा कावळ्याचा घास हे चांगलं निमित्त. पण घरचे पितर दशमीचे, म्हणजे एक दिवस. बाकीच्या दिवसांचं काय? सून रोज भाकरी झाकून वर का जाते? तिसऱ्या-चौथ्या दिवशीची गोष्ट. आज्जी चुलीपाशी, तिची सासू जात्यावर. सासू म्हणजे कडक बाई, तिच्यासमोर आज्जी मान वर करत नव्हती. दळता दळता, जात्यावरची नजर न काढता सासू म्हणाली, "चार भाकरी जास्तीच्या टाक. यंदा कावळे लई झालेत."

बस. पुढं एकोणीस वर्षं ती म्हातारी जगली, दोघींमध्ये या विषयावर एक शब्द झाला नाही.

आज्जीनं हे सांगितलं तेव्हा ती हसत होती. मी मात्र वातींच्या ढिगाकडं बघत बसले. मी विचारलं, "आणि तात्या?" तात्या अनंताच्या दुसऱ्या दिवशी कॅम्पातून आले होते. वाजतगाजत आले, गळ्यात हार. मग ते आणि त्यांचे सोबती गावोगावी फिरत होते, सभा होत्या, झेंडे होते. "सभाच होत्या का?" असं मी विचारलं. आज्जी म्हणाली, "मी कुठं गेले होते बघाया? मी माळवदावर होते." याच्यापुढं तिनं सांगितलं नाही आणि मी खणलं नाही. तात्या १९९६ ला गेले होते. त्यांनी मला सायकल शिकवली, माझ्या डीएडच्या फीसाठी म्हैस विकली. मला त्यांच्याबद्दल काय ऐकायचं आहे आणि काय नाही, हे मला तेव्हाही ठाऊक होतं. बायका घरातलं सांगत नाहीत म्हणून आपण तक्रार करतो. ऐकणारीही आपला भाग सांभाळूनच ऐकते.

केंद्र सरकारनं त्याच वर्षी नोव्हेंबर-डिसेंबरात पंडित सुंदरलाल यांची समिती पाठवली होती. ती या भागात फिरली आणि किमान सत्तावीस ते चाळीस हजार माणसं पोलीस ॲक्शनच्या दरम्यान आणि नंतर मारली गेली असा अंदाज तिनं दिला. सगळ्यात जास्त झळ बसलेल्या चार जिल्ह्यांत उस्मानाबाद, म्हणजे आताचं धाराशिव, आणि नांदेड ही आपली दोन. बाकीची दोन गुलबर्गा आणि बिदर. हा अहवाल कित्येक दशकं छापलाच नाही. मी तो मोबाईलवर वाचला, एका रात्रीत, मुलं झोपल्यावर. त्यात एक ओळ आहे, की काही ठिकाणी हिंदूंनी जीव धोक्यात घालून शेजाऱ्यांना वाचवलं, विशेषतः एकाच धंद्यातल्या लोकांनी. हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना आसरा दिला. मी ती ओळ परत परत वाचली. आज्जीचा आणि मणेरणीचा धंदा एक नव्हता. एकीचे हात आणि दुसरीच्या बांगड्या, एवढाच संबंध.

तर अहवाल कपाटात होता आणि कहाणी जिवतीपुढं. दर शुक्रवारी, उघड, ओट्यावर तात्या बसलेले असताना, भरल्या घरात आज्जी ती सांगत होती. कुणाला ऐकू आली नाही, कारण ती 'आटपाट नगर होतं' अशी सुरू व्हायची. मला ही तिची युक्ती वाटते. माझी धाकटी बहीण म्हणते, युक्ती कसली, तिला दुसरा साचाच ठाऊक नव्हता. बाईनं चार माणसांत बसून काही सांगायचं तर कहाणी सांगायची किंवा जात्यावर म्हणायचं, तिसरी जागा कुठं होती? बहिणीचंही बरोबर असेल. आमचं यावर भांडण मिटलेलं नाही.

मुक्तिसंग्रामात बायका होत्या हे आता बोललं जातं. बदनापूरजवळच्या धोपटेश्वरच्या दगडाबाई शेळके यांचं नाव शाळेत मी स्वतः सांगते, हत्यार घेऊन रझाकारांशी लढलेली बाई. पोरी डोळे मोठे करून ऐकतात. पण मला एक खटकतं. बाईनं घोड्यावर बसावं, बॉम्ब टाकावा, मग ती इतिहासात. भाकरी थापणारी म्हणजे 'सहकार्य'. सीमेवरच्या कॅम्पांना आसपासच्या गावांतून भाकऱ्या जात होत्या, टोपल्याच्या टोपल्या. त्या भाकऱ्यांवर कॅम्प चालले. आज्जीच्या पासबुकात स्वातंत्र्यसैनिकाची पेन्शन यायची, ती विधवा म्हणून. केंद्राच्या नियमात तुरुंगवास किंवा भूमिगत असण्याला निदान सहा महिने लागत, बायकांना तुरुंगवासाचे तीन. गंजीत बसलेल्या रात्री त्यात कशा मोजणार?

मुक्तिसंग्रामाचं अमृतमहोत्सवी वर्ष सुरू होतं, २०२२-२३ चं, तेव्हा वरून एक तक्ता आला. गावातल्या स्वातंत्र्यसैनिकांची माहिती भरून द्या. नाव, वडिलांचं किंवा पतीचं नाव, तुरुंग, कालावधी, कार्याचे स्वरूप, पुरावा. तात्यांची ओळ दोन मिनिटांत भरली. मग मी खाली आज्जीचं नाव लिहिलं. तुरुंग: निरंक. कालावधी: पितृपक्ष, १९४८. कार्याचे स्वरूप: बळद. पुरावा या रकान्यात काय लिहावं सुचेना, तेव्हा 'कहाणी' लिहिलं. तक्ता परत आला. शेऱ्यात लिहिलं होतं, 'अनु. क्र. २ वगळून पुन्हा सादर करावे.' त्या माणसाचा दोष नाही, त्याच्याकडं शंभर गावांचे कागद असतील. मी दुसरी ओळ वगळली, तक्ता पाठवला. नोकरी आहे.

बीएला असताना महानुभावांचा एक प्रसंग अभ्यासाला होता. चक्रधरांच्या मागे पंथ नागदेवाचार्यांनी सांभाळला. कुणी शिष्य संस्कृतात लिहायला निघाला तर ते म्हणाले, असं करू नकोस, माझ्या म्हाताऱ्या नागवल्या जातील. सातशे वर्षांपूर्वीची गोष्ट. आणि चक्रधरांच्या आठवणी म्हाइंभटांनी गोळा केल्या त्या माणसामाणसाकडं जाऊन, ज्यानं जे पाहिलं-ऐकलं ते विचारून. त्यात बायाही होत्या. परीक्षेत मी यावर दहा मार्कांचं उत्तर लिहिलं. 'नागवणे' हा शब्द मला खरा कळला तो 'अनु. क्र. २ वगळून' वाचताना.

मणेरणीचा भाऊ पितर संपता संपता आला, वैरणीची गाडी घेऊन, रात्रीचा. पोरी वैरणीखाली बसून बार्शीला गेल्या. वर्षा-दीड वर्षानं मणेरीण गावात परतली आणि टोपली घेऊन पुन्हा दारोदार फिरू लागली, ज्यांच्या घरच्या पुरुषांनी तिचा नवरा नाहीसा केला असेल त्यांच्याही दारात. बायका हात पुढं करायच्या, ती भरायची. आज्जीकडून तिनं कधी पैसे घेतले नाहीत. आज्जी म्हणायची, "माझ्या हाताला तिचाच हात बसायचा. दुसऱ्या कुणी भरली तर काकण टिचायचं." बहात्तरच्या दुष्काळात गाव सुकडीवर आणि खडी फोडण्यावर आलं तेव्हा मणेरीण लेकीकडं गेली, ती पुन्हा आली नाही.

गेल्या श्रावणात एका शुक्रवारी दुपारी शाळेत लाईट नव्हती. पाचवीच्या पोरी म्हणाल्या, बाई, गोष्ट सांगा. खिचडीच्या तांदळातले चार-चार दाणे त्यांच्या हातात दिले आणि आज्जीची कहाणी सांगितली, मग तिच्यामागची खरी गोष्टही, त्यांना झेपेल तेवढी. पोरी गप्प होत्या. एकीनं विचारलं, बळदात अंधार असतो का. एकीनं विचारलं, शी-शूचं काय. मागच्या बाकावरची एक उठली.

"बाई, त्या पोरींची नावं काय होती?"

कहाणीत नावं नसतात गं, असं मी म्हटलं, आणि म्हणताना जीभ अडखळली. आज्जीला नावं ठाऊक होती. रोज माळवदावर ओणवी होऊन, हळू आवाजात, ती त्यांना नावानंच हाक मारत असणार. त्या दिवाळीत मी तिला बळदाची उंची विचारली, तिथी विचारली, भाकरी किती लागायच्या तेही विचारून घेतलं, सगळं वहीत आहे.

पोरगी अजून उभी होती, दाणे मुठीत धरून.